प्रोजेक्टर घ्यायच्या आधी हॉलची भिंत बघा

२२ सप्टेंबर २०२५ ला जीएसटीचे नवे दर लागू झाले आणि त्यात प्रोजेक्टरवरचा टॅक्स २८ टक्क्यांवरून १८ वर आला. तेव्हापासून ओळखीतली बरीच मंडळी मला मोबाईलवर स्क्रीनशॉट पाठवून एकच विचारतायत, "हा सात हजाराला आहे, फोर-के लिहिलंय, वायफाय आहे, दोनशे इंच लिहिलंय, घेऊन टाकू का?" आणि दर वेळी मला दादाच्या घरचा रविवार आठवतो, म्हणून म्हटलं एकदाच नीट लिहून काढावं.

माझा मोठा भाऊ नाशिकला असतो. आयपीएलच्या दिवसांत त्याने असाच एक सात हजारांचा प्रोजेक्टर मागवला, डब्यावर ९००० ल्युमेन असं छापलेलं. रविवारची साडेतीनची मॅच, आम्ही सगळे जमलेलो, हॉलला पश्चिमेची खिडकी, पडदे ओढलेले, आणि भिंतीवर जे उमटलं ते बघून आई म्हणाली, "सगळे विटल्यासारखे दिसतायत रे." खरंच तसं होतं, खूप वेळा धुतलेल्या साडीचा रंग होतो तसं, मैदान राखाडी, स्कोअर वाचायला पुढे जाऊन उभं राहावं लागत होतं. दहा मिनिटांत टीव्ही लागला. दादाचं तोंड उतरलं, आणि मला ते बघवेना कारण त्याने फार हौसेने आणलेलं. मग रात्री साडेनऊला आम्ही दोघांनी सगळे दिवे बंद केले, प्रोजेक्टर भिंतीच्या जवळ ओढून चित्र लहान केलं आणि एक सिनेमा लावला. आई शेवटपर्यंत जागची उठली नाही.

मशीन तेच, भिंत तीच. मधल्या सहा तासांत बदलला तो अंधार, आणि थोडा चित्राचा आकार.

काळा रंग येतो कुठून?

टीव्हीचा पडदा मुळात काळा असतो, बंद टीव्हीकडे बघा. तो हवा तिथे उजेड सोडतो आणि नको तिथे काळाच राहतो. प्रोजेक्टरचं उलटं आहे, तो फक्त उजेड फेकतो. लाल फेकेल, पिवळा फेकेल, पांढरा फेकेल, पण काळा उजेड नावाची गोष्टच नसते त्यामुळे सिनेमात जिथे रात्र आहे, केस आहेत, काळा कोट आहे, तिथे प्रोजेक्टर काहीच फेकत नाही (अगदी काहीच नाही असं नाही, थोडा उजेड गळतोच) आणि तुम्हाला दिसते ती तुमची उघडी भिंत.

म्हणजे प्रोजेक्टर बंद असताना तुमची भिंत जशी दिसते, तोच तुमच्या सिनेमातला काळा रंग. ट्यूबलाईट चालू असेल आणि भिंत पांढरीफटक दिसत असेल तर तुमचा काळा पांढराफटक. दुपारी पडदे ओढून भिंत फिकट राखाडी दिसत असेल तर नायिकेचे केस फिकट राखाडी. कितीही महागाचं मशीन आणा, याच्यापेक्षा काळा काळा मिळणार नाही, मशीन फक्त पांढरा अजून पांढरा करू शकतं म्हणजे दोघांतलं अंतर वाढवू शकतं.

जत्रेतल्या तंबूत दिवस मावळल्याशिवाय खेळ लागायचा नाही आणि गणपतीत गल्लीत पडदा बांधून पिक्चर दाखवायचे तेही रात्रीच, तेव्हा हे कुणाला समजावून सांगावं लागत नव्हतं. आता डब्यावरचे आकडे बघून आपण ते विसरतो.

तर पहिलं काम पैसे खर्च न करता होतं. तुम्ही ज्या वेळेला बघणार आहात त्या वेळेला, ज्या भिंतीवर बघणार आहात त्या भिंतीसमोर उभे राहा, पडदे ओढा, दिवे घालवा आणि बघा भिंतीवरचं कॅलेंडर वाचता येतं का. आरामात वाचता येत असेल तर स्वस्तातला प्रोजेक्टर तिथे चालणार नाही.

डब्यावरचे ल्युमेन आणि रसवंतीतला ऊस

ल्युमेन म्हणजे एकूण उजेड किती त्याचं माप. पण कुठला उजेड? स्वस्त मशीनवाले आतल्या एलईडी बल्बचे ल्युमेन लिहितात, कधीकधी तेही वाढवून. हे म्हणजे रसवंतीवाल्याने चरकात किती किलो ऊस घातला ते सांगायचं आणि ग्लासात रस किती आला ते सांगायचंच नाही. या मशीनच्या आत उजेड आधी एका फिल्टरमधून जातो तिथे निम्म्याच्या आसपास जातो, मग लाल-हिरव्या-निळ्या फिल्टरमधून जातो तिथे उरलेल्यातला बराचसा जातो, मग काचा आणि लेन्स. शेवटी भिंतीवर पोचतं ते फारच थोडं.

भिंतीवर पोचलेला उजेड मोजायची रीत ठरलेली आहे. पूर्ण पांढरं चित्र टाकायचं, त्याचे उभे-आडवे तीन-तीन असे नऊ चौकोन करायचे, प्रत्येकाच्या मध्यात उजेड मोजायचा, सरासरी काढायची आणि चित्राच्या क्षेत्रफळाने गुणायचं. याला अ‍ॅन्सी ल्युमेन म्हणतात, आणि साधारण अशाच पद्धतीने मोजलेले आयएसओ ल्युमेन. खरेदी करताना अ‍ॅन्सी किंवा आयएसओ हा शब्द शोधा, नुसतं ल्युमेन लिहिलेला आकडा वाचूच नका.

आणि हे घरी करता येतं. मोबाईलवर लक्स मोजायचं कुठलंही फुकट अ‍ॅप घ्या. लक्स म्हणजे एक चौरस मीटर जागेवर किती ल्युमेन पडतायत ते. भाकरीवर लोणी पसरतो तसं आहे, लोण्याचा गोळा म्हणजे ल्युमेन, आणि भाकरीवर थर किती जाड बसला ते लक्स, तोच गोळा मोठ्या भाकरीवर पसरला की थर पातळ. आता गंमत अशी की ६० इंची (इंच नेहमी कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत तिरके मोजतात) चित्राचं क्षेत्रफळ जवळजवळ बरोब्बर एक चौरस मीटर भरतं (१३३ सेंटीमीटर रुंद, पाऊण मीटर उंच). म्हणजे चित्र ६० इंचाचं केलं की गुणाकार करायचीच गरज नाही, नऊ ठिकाणच्या लक्सची सरासरी म्हणजेच तुमचे ल्युमेन.

त्या रात्री दादाकडे आम्ही हेच केलं. टेपने मापून ६० इंची चित्र, पांढरा फोटो लावला, मोबाईलची पाठ भिंतीला आणि तोंड प्रोजेक्टरकडे, दादा आकडे लिहून घेतोय. मध्ये १९२. वर-खाली १४८ आणि १५१, डावी-उजवीकडे १३९ आणि १४४. चार कोपऱ्यांत ९८, १०४, १०१, ९३. बेरीज ११७०, भागिले नऊ, १३०. डब्यावर ९०००, भिंतीवर १३०. मोबाईलचा सेन्सर काही लॅबमधला नसतो, वीस-पंचवीस टक्के इकडेतिकडे धरा, तरी नऊ हजाराच्या जवळपास जायचा प्रश्नच नाही. दादा बराच वेळ त्या कागदाकडे बघत बसला होता.

मग किती ल्युमेन पुरे?

डिजिटल सिनेमाच्या थिएटरमध्ये पांढऱ्या पडद्याचा ब्राइटनेस किती असावा याचं प्रमाण ठरलेलं आहे, ४८ निट. निट म्हणजे पडद्यावरून आपल्या डोळ्याकडे येणाऱ्या उजेडाचं माप. घरातला साधा एलईडी टीव्ही अडीचशे-तीनशे निट देतो, म्हणजे थिएटरचा पडदा आपल्या टीव्हीच्या एक पंचमांशसुद्धा उजळ नसतो आणि तरी तिथे आपल्याला कधी अंधुक वाटत नाही कारण तिथे काळोख असतो.

हे ४८ निट साध्या पांढऱ्या पडद्यावर आणायला साधारण १५० लक्स पडावे लागतात. आता तेवढाच थर किती मोठ्या भाकरीवर द्यायचा ते बघा. ५५ इंची चित्राला सव्वाशे अ‍ॅन्सी ल्युमेन पुरतात, ८० इंचीला पावणेतीनशे, १०० इंचीला सव्वाचारशे, १२० इंचीला सहाशे. म्हणजे दादाचा सात हजारांचा प्रोजेक्टर टाकाऊ नाहीये, पूर्ण अंधारात आणि ५५-६० इंचात तो थिएटरइतकाच उजळ आहे. टाकाऊ आहे तो डब्यावरचा दोनशे इंचाचा दावा. पण मग ५५ इंचाचं चित्र तर टीव्हीवरही मिळतं, आणि दिवसाही मिळतं, हा विचार ज्याचा त्याने करायचा.

हे आकडे पूर्ण अंधारातले आणि मशीन नवं असतानाचे आहेत. शिवाय पिक्चर मोड "सिनेमा" वर ठेवला की रंग खरे येतात पण उजेड कमी होतो, आणि इको मोडमध्ये, म्हणजे वीज वाचवायला दिवा मंद केला की, अजून कमी. म्हणून मी लोकांना सांगतो की १०० इंच हवं असेल आणि रात्रीच बघणार असाल तर ५०० ते ७०० खरे अ‍ॅन्सी ल्युमेन बघा, त्याच्या खाली १०० इंचाचा हट्ट धरू नका.

"पण आम्हाला दुपारी मॅच बघायचीय"

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि याचं उत्तर आकड्यातच देतो म्हणजे वाद राहत नाही. समजा ४०० ल्युमेनचं मशीन आहे, १०० इंच चित्र, पावणेतीन चौरस मीटर, म्हणजे भिंतीवर १४५ लक्स. पडदे ओढलेल्या हॉलमध्ये दुपारी चारला भिंतीवर ४० लक्स असतील असं धरा. तर काळा म्हणजे ४०, आणि पांढरा म्हणजे ४० अधिक १४५, १८५. पांढरा काळ्याच्या साडेचार पट झाला, बस्स. ट्यूबलाईट लावून भिंतीवर ८० लक्स आले तर तीन पटही नाही. तेच रात्री दिवे घालवून भिंतीवर १ लक्स असेल तर जवळजवळ दीडशे पट.

आईला जे विटलेलं दिसलं ते तर या साडेचार पटींपेक्षाही कमी, दादाचं मशीन १३० ल्युमेनचंच.

मग ३००० ल्युमेनचं मशीन आणलं तर? तेवढ्याच चित्रावर १०९० लक्स, पडदे ओढलेले असतील तर अठ्ठावीस पट, मॅच व्यवस्थित दिसेल, मैदान हिरवं दिसेल, सिनेमातला रात्रीचा सीन मात्र तरी धुरकटच. आणि खऱ्या ३००० ल्युमेनचं मशीन निम्म्या लाखाच्या आसपास किंवा वर जातं. म्हणून ज्या घरात दिवसाच बघायचंय, आजोबा बातम्या लावणार, मुलं कार्टून लावणार, तिथे टीव्हीच घ्या, मनापासून सांगतोय.

खिडकीला जाड पडदे, ज्यांना दुकानात ब्लॅकआउट म्हणतात, ते मात्र दोन-तीन हजारांत येतात आणि प्रोजेक्टरवर दहा हजार जास्त घालण्यापेक्षा जास्त फरक पाडतात. अजून एक, आपल्याकडे पांढऱ्या चकचकीत टाइल्स असतात, पांढरं छत असतं, चित्राचाच उजेड त्यांच्यावरून परत भिंतीवर येतो आणि काळा फिकट होतो. चित्राच्या खालच्या फरशीवर गडद सतरंजी टाकून बघा.

"फोर-के सपोर्ट" आणि ठिपक्यांची रांगोळी

ठिपक्यांची रांगोळी माहितीये ना, आधी ठिपके काढायचे मग त्यावरून नक्षी. प्रोजेक्टरमध्येही चित्र ठिपक्यांचंच असतं, आणि मशीनच्या आत प्रत्यक्षात किती ठिपके आहेत त्याला नेटिव्ह रिझोल्यूशन म्हणतात. ७२०पी म्हणजे आडवे १२८० आणि उभे ७२०, सव्वानऊ लाख. १०८०पी म्हणजे १९२० बाय १०८०, वीस लाख सत्तर हजार. फोर-के म्हणजे ३८४० बाय २१६०, ८३ लाख.

"फोर-के सपोर्ट" याचा अर्थ एवढाच की फोर-केची फाईल दिली तर मशीन ती नाकारणार नाही, घेईल आणि आपल्या अंगणात जेवढे ठिपके आहेत तेवढ्यातच बसवेल. पुस्तकात एकवीस ठिपक्यांची नक्षी असली आणि अंगणात नऊच ठिपके काढलेले असले तर काय येणार. म्हणून फक्त "नेटिव्ह" शब्दापुढचा आकडा बघा.

१०० इंची चित्र नऊ फुटांवरून बघितलं तर ७२०पीचे ठिपके चांगली नजर असलेल्याला दिसतात, सबटायटल्सच्या कडा करवतीसारख्या येतात. १०८०पीला ते जवळजवळ जाणवत नाही. नेटिव्ह १०८०पी याच्या खाली जाऊ नका, आणि मोठ्या हॉलमध्ये सव्वाशे इंच करायचं नसेल तर फोर-केसाठी जीव टाकू नका, तेच पैसे उजेडावर घाला. डब्यावर एचडीआर (उजळ आणि काळोख्या भागांतला फरक जास्त दाखवायची सोय) लिहिलेलं असलं तरी पाच-सहाशे ल्युमेनच्या मशीनवर त्याने काही हाती लागत नाही, बऱ्याचदा चित्र अजून काळवंडतं, सेटिंगमध्ये ते बंद करून बघा.

आत काय असतं

थोडक्यात सांगतो. दहा-पंधरा हजारांतल्या बहुतेक मशीनमध्ये एकच एलसीडी पॅनल असतं, मोबाईलच्या स्क्रीनसारखं, त्याच्या मागून एलईडीचा उजेड. स्वस्त, पण उजेड खातं आणि कोपरे जरा पुसट राहतात. थ्री-एलसीडी, जे एप्सनमुळे प्रसिद्ध आहे, त्यात लाल हिरव्या निळ्यासाठी तीन वेगळी पॅनल, रंग छान आणि भरपूर उजेड. डीएलपीमध्ये नखाएवढ्या चिपवर लाखो सूक्ष्म आरसे असतात, टेक्सास इन्स्ट्रुमेंट्समध्ये लॅरी हॉर्नबेक यांनी १९८७ मध्ये शोधलेली ती चिप. मशीन छोटं होतं, चित्र धारदार येतं, फक्त रंग एकापाठोपाठ एक फेकले जातात त्यामुळे काही जणांना नजर झटकन फिरवली की इंद्रधनुष्यासारखी रेघ दिसते. सगळ्यांना नाही दिसत, घरातल्या एकाला दिसली तरी त्याचं डोकं दुखतं, म्हणून डीएलपी घेण्याआधी घरच्यांना दुकानात नेऊन दाखवा.

दिवा तीन प्रकारचा. जुना लॅम्प, जो चार-पाच हजार तासांच्या आत-बाहेर बदलावा लागतो आणि महाग असतो. एलईडी आणि लेझर, जे वीस हजार तासांच्या पुढचे सांगतात. रोज तीन तास बघितलं तर वर्षाचे अकराशे तास होतात, वीस हजार म्हणजे अठरा वर्षं, तेव्हा "तीस हजार तास" वाचून भुलू नका, त्याच्या कितीतरी आधी पंखा, अ‍ॅडॉप्टर नाहीतर पॅनल जाईल. वॉरंटीत पॅनल धरलंय का ते विचारा.

हॉल केवढा आणि मशीन ठेवणार कुठे

१०० इंची चित्र सव्वासात फूट रुंद असतं. आधी भिंतीवर सव्वासात फूट रिकामे आहेत का ते बघा, स्विचबोर्ड, देवघर, शोकेस सोडून. मग थ्रो रेशो. म्हणजे भिंतीपासूनचं अंतर भागिले चित्राची रुंदी, हा आकडा प्रत्येक मशीनच्या माहितीत असतो. १.२ असेल तर सव्वासात गुणिले १.२, पावणेनऊ फूट लागणार. आपल्या वन बीएचकेच्या दहा फुटी हॉलमध्ये पावणेनऊ फूट म्हणजे मशीन सोफ्याच्या मागे डोक्यावर गेलं, शेल्फ मारावं लागणार. रेशो १.५ असेल तर अकरा फूट, मशीन भिंतीच्या पलीकडे. म्हणून टेप घेऊन मोजा आणि कागदावर लिहा, मगच मॉडेल बघा.

छताला लावणार असाल तर पंखा विसरू नका. मशीन आणि भिंतीच्या मध्ये पंखा आला तर पात्यांची सावली चित्रावर फिरते, आणि पंख्याच्या फार जवळ लावलं तर चित्र थरथरतं.

मशीन तिरकं ठेवलं की चित्र समलंब होतं, ते सरळ करायला कीस्टोन नावाची सोय असते, आता तर बटण न दाबता आपोआप होते. सोयीचं आहे, पण ती चित्र कापून बसवते, म्हणजे अंगणातले काही ठिपके रिकामेच सोडते आणि त्यांचा उजेडही वाया. थोडं चालतं. पण टीपॉयवर वाटेल तसं ठेवून सगळं कीस्टोनवर सोडलं तर १०८०पीचे पैसे देऊन आपण ७२०पी बघत बसतो. मशीन भिंतीला काटकोनात, सरळ.

भिंतीवर चालेल का, पडदा लागतोच?

भिंत चालते, फक्त कुठली भिंत ते बघा. आपल्याकडे हॉलला लस्टर पेंट असतो, पुसता येतो म्हणून. त्या चकाकीमुळे मधोमध पांढरा डाग पडल्यासारखं दिसतं. पिस्ता कलरच्या भिंतीवर सगळ्यांचे चेहरे आजारी दिसतात. पुट्टी करून घासून मॅट पांढरा रंग दिलेली भिंत मात्र साध्या पडद्याइतकीच चांगली, आणि पेंटरकडून एकाच भिंतीचं काम फार महाग पडत नाही. कोकणात किंवा जुन्या इमारतीत पावसाळ्यात ओल येते तिथे पडदा बरा, वरून खाली ओढायचा, नकाशासारखा गुंडाळणारा. दोरीने बांधायचे कापडी पडदे स्वस्त असतात पण सुरकुत्या पडतात आणि कॅमेरा जरा हलला की सुरकुत्यांवरून चित्र लाटेसारखं जातं, एकदा दिसलं की मग तेच दिसत राहतं.

नेटफ्लिक्स का चालत नाही?

याच्यात सर्वात जास्त लोक फसतात, आणि विकणारे आधी सांगत नाहीत. ओटीटीवाले आपला सिनेमा कुलूप लावून पाठवतात. ते कुलूप उघडायची किल्ली मशीनच्या चिपमध्ये असते, तिला वाइडवाइन म्हणतात आणि तिच्या पायऱ्या असतात. एल-वन असेल तर एचडी आणि पुढचं मिळतं. स्वस्त प्रोजेक्टरमध्ये साधं अँड्रॉइड आणि एल-थ्री असतं, त्यावर नेटफ्लिक्स चाललंच तर ४८०पीच्या आसपास, आणि नेटफ्लिक्स तर मशीन स्वतः तपासून मान्यता देतं, ती नसेल तर अ‍ॅप उघडतच नाही. मोबाईलची स्क्रीन प्रोजेक्टरवर टाकावी म्हटलं तर आवाज येतो आणि चित्र काळं, तेही त्या कुलपामुळेच, मशीन बिघडलेलं नसतं.

यावर उपाय सोपा आहे. प्रोजेक्टरच्या आतलं अँड्रॉइड विसरून जा, चार-पाच हजारांची फायर टीव्ही स्टिक किंवा मान्यता असलेला गुगल टीव्हीचा बॉक्स एचडीएमआयला लावा, नेटफ्लिक्स, प्राइम, जिओहॉटस्टार सगळं व्यवस्थित चालतं. स्टिकला वीज तिच्या स्वतःच्या अ‍ॅडॉप्टरमधून द्या, प्रोजेक्टरच्या यूएसबीतून दिली तर ती पुरत नाही आणि स्टिक मध्येच बंद चालू होते. म्हणजे बजेट करताना मशीन अधिक स्टिक असा हिशोब धरायचा, आणि मग "स्मार्ट" प्रोजेक्टरसाठी जास्त पैसे मोजायचं कारणही उरत नाही.

प्लॅनही बघा. नेटफ्लिक्सचा १४९ रुपयांचा मोबाईल प्लॅन फक्त फोन-टॅबवर चालतो, प्रोजेक्टरवर नाही. १९९ चा ७२०पी देतो, १०८०पी साठी ४९९ आणि फोर-के फक्त ६४९ च्या प्लॅनमध्ये. १९९ चा प्लॅन ठेवून फोर-के मशीन घेतलं तर रांगोळीचं पुस्तकच छोटं. नेटला १०८०पी साठी ५ एमबीपीएस आणि फोर-केला १५ पुरतात असं नेटफ्लिक्स सांगतं, तो आकडा राउटरजवळचा नाही, प्रोजेक्टर ठेवणार तिथला बघा.

आवाज

आतले स्पीकर कामापुरते असतात आणि ते तुमच्या मागे किंवा डोक्यावर असतात, माणूस समोर बोलतोय आणि आवाज पाठीमागून. ब्लूटूथने जोडलं तर ओठ आधी हलतात, शब्द मागून येतात. एचडीएमआय एआरसी (आवाज बाहेर काढून देणारं एचडीएमआयचं भोक) असेल तर साउंडबार त्याला लावा, नाहीतर साधी ऑक्स वायर, म्हणजे हेडफोनच्या पिनची, दहा-बारा फुटांची, भिंतीच्या कडेने, आणि स्पीकर पडद्याखाली. घरात जुने टू-पॉइंट-वन स्पीकर पडलेले असतात ते यासाठी उत्तम.

लाईट, धूळ, पाऊस

घरगुती एलईडी मशीन साधारण शंभर वॉटच्या आसपास घेतात. तीन तासांचा सिनेमा म्हणजे पाव ते तिसरा हिस्सा युनिट, दहा रुपये युनिट धरलं तरी तीन रुपये. बिलाची काळजी नको, काळजी लाईट जाण्याची. लॅम्पवाल्या मशीनला बंद केल्यावर पंखा फिरवून थंड व्हायला वेळ लागतो, चालू असताना लाईट गेली तर तो तापलेला लॅम्प तसाच राहतो आणि त्याचं आयुष्य कमी होतं. गावाकडे रोज लोडशेडिंग असेल तर लॅम्पचं मशीन घेऊच नका, किंवा इन्व्हर्टरवर ठेवा.

धूळ हा आपल्याकडचा खरा शत्रू. उघड्या रचनेच्या मशीनमध्ये पंखा हवा आत ओढतो, धूळ पॅनलवर बसते आणि चित्रात करडे ठिपके दिसायला लागतात, जे बाहेरून लेन्स कितीही पुसली तरी जात नाहीत. म्हणून "सील्ड ऑप्टिकल इंजिन" लिहिलंय का ते बघा, म्हणजे चित्र बनतं तो भाग बंद डब्यात आहे. पावसाळ्यात आठवड्यातून एकदा तरी तासभर चालवा, लेन्सवर बुरशी धरते, विशेषतः समुद्राजवळ. वापर नसेल तेव्हा डब्यात सिलिका जेलच्या पुड्या टाकून ठेवा.

एवढं सगळं करण्यापेक्षा टीव्ही काय वाईट?

काहीच वाईट नाही, आणि घरात पहिली स्क्रीन म्हणून मी टीव्हीच सांगेन. प्रोजेक्टर ही दुसरी गोष्ट म्हणून शोभते, शनिवारी रात्रीची. पण सात-आठ फूट रुंद चित्रासमोर सगळं घर एका सतरंजीवर बसतं, फोन बाजूला पडतात, आणि एवढ्या मोठ्या टीव्हीला लाखाच्या वर पैसे लागतात आणि तो लिफ्टमध्येही मावत नाही. ज्यांच्या घरी रात्रीचा अंधार मिळतो त्यांना पंचवीस-तीस हजारांत हे जमतं. डोळ्यांचं विचारतात बरेच जण, तर भिंतीवरून परतलेला उजेड काही औषधी नसतो, लांबून बघतो आणि चित्र मोठं असतं म्हणून ताण कमी वाटतो एवढंच. लहान मुलांना मात्र लेन्समध्ये डोकावू देऊ नका, लेझर असो की एलईडी, फार तीव्र असतो तो उजेड.

मशीन घरी आलं की

परत करायची मुदत बहुतेक ठिकाणी आठवडा-दहा दिवसांची असते, पण नियम आधी वाचून घ्या, काही ठिकाणी फक्त बदलून देतात. त्या दिवसांत पहिल्याच रात्री तीन गोष्टी करा. ६० इंची चित्र करून नऊ ठिकाणचे लक्स लिहा. मग पूर्ण काळा फोटो लावून बघा, कुठे करडे डाग किंवा सतत पेटलेला ठिपका आहे का. मग बारीक अक्षरांचं एखादं पान लावून मधोमध फोकस करा आणि चारही कोपरे वाचा, एखादा कोपरा पुसट राहत असेल तर तो पुढेही तसाच राहणार, मशीन परत करा. आणि डबा, थर्माकोल, वायरींच्या पिशव्या सगळं माळ्यावर ठेवा, दादाने पहिल्याच दिवशी डबा रद्दीत दिला होता, त्यामुळे तो आकड्यांचा कागद हातात असूनही त्याला ते मशीन परत पाठवता आलं नाही.